दहा अश्वशक्तीचे गुन्हेगार

कोल्हापूरच्या मंगळवार पेठेत मिरजकर तिकटी, खासबाग, बेलबाग या भागांतून सकाळी नऊच्या सुमारास हिंडावे. रस्त्याकडेच्या खोलीत लेथ सुरू झालेला असतो आणि आतल्या खोलीत चहा उकळत असतो. कुठे जळालेली मोटार पुन्हा गुंडाळली जात असते, कुठे पंपाच्या शाफ्टवर हत्यार लागलेले असते, कुठे पिठाच्या गिरणीपुढे डबे रांगेला लागलेले असतात. यांतल्या बहुतेक ठिकाणी मालक म्हणविणारा मनुष्य स्वतःच यंत्रापुढे उभा असतो. त्याच्याजवळ एक कारागीर, फार तर दोन, आणि हाताखाली एखादे शिकाऊ पोर. शिवाजी उद्यमनगरातून, शिरोलीहून, गोकुळ शिरगावहून आलेले जॉबवर्क या खोल्यांतून होऊन परत जाते. कोल्हापूरच्या ऑइल इंजिनांचा आणि यंत्रभागांचा लौकिक ज्या हातांनी उभा केला, त्या हातांची ही घरे आहेत.

या खोल्यांवर आज एका शब्दाची टांगती तलवार आहे. तो शब्द आहे ‘अनधिकृत वापर’.

असा एक कारागीर डोळ्यांसमोर आणावा. मीटर त्याच्या वडिलांच्या नावावर. वडील जाऊन बरीच वर्षे झालेली. मंजूर भार सात अश्वशक्तीचा: पाचाचा लेथ आणि दोनाचे ड्रिलिंग मशीन. पुढे कर्ज काढून त्याने तीन अश्वशक्तीचे आणखी एक जुने यंत्र आणले. जागा पुरेना म्हणून ते भिंतीपलीकडच्या, वाटणीत भावाकडे गेलेल्या खोलीत बसविले आणि भिंतीला भोक पाडून केबल पलीकडे नेली. नवे सुटे भाग करण्याचे काम कमी झाले तेव्हा तो स्कूटरची आणि पंपांची इंजिने दुरुस्तही करू लागला. एक दिवस भरारी पथक येते. पंचनामा होतो. भार मंजुरीपेक्षा तीन अश्वशक्तीने जास्त, हा पहिला दोष. मंजूर जागेबाहेर वीज नेली, हा दुसरा. औद्योगिक दराच्या जोडणीवर दुरुस्तीचे, म्हणजे वाणिज्यिक वर्गवारीत मोडणारे काम केले, हा तिसरा. थोड्याच दिवसांत तात्पुरत्या निर्धारणाचा कागद हाती पडतो आणि त्यावरची रक्कम पाहून घरातील माणसे एकमेकांच्या तोंडाकडे पाहत राहतात.

येथे एक गोष्ट प्रथमच नीट ध्यानात घेतली पाहिजे. या मनुष्याने मीटरला हात लावलेला नाही. आकडा टाकलेला नाही. त्याने वापरलेले प्रत्येक युनिट मीटरमधून गेले, प्रत्येक युनिटचे बिल आले आणि प्रत्येक बिल त्याने भरले. वीज चोरीला गेलेली नाही. कागद आणि खोली यांचा मेळ बसलेला नाही, एवढेच. आणि तरीही कायद्याने त्याला ज्या रांगेत उभे केले आहे, ती रांग चोराच्या रांगेला खेटून आहे.

कायदा काय म्हणतो?

२००३ च्या विद्युत कायद्याचे कलम १२६ या प्रकरणाच्या मुळाशी आहे. कृत्रिम साधनाने, परवानगी नसलेल्या मार्गाने किंवा फेरफार केलेल्या मीटरमधून घेतलेली वीज हा तर अनधिकृत वापर आहेच. परंतु ज्या कारणासाठी वीज मंजूर झाली त्याहून वेगळ्या कारणासाठी, किंवा ज्या जागेसाठी मंजूर झाली त्याहून वेगळ्या जागेत ती वापरणे, हेही त्याच व्याख्येत बसविलेले आहे. मीटर फोडणारा आणि भिंतीपलीकडे केबल नेणारा असे दोघेही एकाच वाक्यात आले आहेत.

शिक्षा पाहावी. अनधिकृत वापराचा काळ निश्चित करता आला तर त्या सर्व काळासाठी, आणि निश्चित करता आला नाही तर तपासणीपूर्वीच्या बारा महिन्यांपर्यंत, लागू दराच्या दुप्पट दराने आकारणी. हे निर्धारण कोण करतो? राज्य सरकारने नेमून दिलेला ‘निर्धारण अधिकारी’. हा अधिकारी वीज कंपनीचाच असू शकतो, असे कायदा स्पष्ट म्हणतो आणि व्यवहारात तो तसाच असतो. म्हणजे आरोप कंपनीच्या माणसाने ठेवायचा, पुरावा कंपनीच्या माणसाने गोळा करायचा, हरकत कंपनीच्या माणसापुढे मांडायची आणि निकालही कंपनीच्या माणसानेच द्यायचा. स्वतःच्या दाव्यात कोणी स्वतः न्यायाधीश होऊ नये, हे न्यायाचे पहिले पाऊल होय. येथे ते पाऊल उचललेलेच नाही.

अंतिम आदेशाविरुद्ध कलम १२७ खाली तीस दिवसांत अपील करता येते, असे सांगितले जाईल. होय, करता येते. पण अपिलाच्या दारात निर्धारित रकमेचा अर्धा भाग आधी ठेवावा लागतो. उदाहरणापुरता हिशेब करू. आपल्या कारागिराचे महिन्याचे बिल ८,००० रुपये धरले तर वर्षाचे ९६,००० झाले. दुपटीने आकारणी म्हणजे १,९२,०००. त्याने भरलेले ९६,००० वजा केले तरी ९६,००० उरतात. त्याचा अर्धा भाग ४८,०००, म्हणजे सहा महिन्यांची वीजबिले एकरकमी. एवढे पैसे टेबलावर ठेवल्यावाचून ‘माझे ऐका’ असे म्हणण्याचाही अधिकार त्याला नाही. वाणिज्यिक दराने आकारणी झाली तर हा आकडा आणखी फुगतो. आणि रक्कम वेळेत भरली नाही तर वार्षिक १६ टक्के व्याज, तेही दर सहा महिन्यांनी मुद्दलात मिळवून. ९६,००० चे वर्षाअखेर १,११,९७४ होतात. सावकाराच्या वहीत आपण जे पाहून संतापतो, ते सरकारी राजपत्रात छापले की कायदा होते काय?

हे असे नेहमीच होते असेही नाही. मूळ २००३ च्या कायद्यात घरगुती आणि शेतीखेरीज इतर ग्राहकांच्या बाबतीत सहा महिन्यांचा काळ गृहीत धरला जाई, आकारणी दीडपट होती आणि अपिलासाठी एक तृतीयांश रक्कम पुरत असे. २००७ च्या दुरुस्तीने सहाचे बारा केले, दीडाचे दोन केले आणि एक तृतीयांशाचा अर्धा केला. मूळ कायदा वाजपेयी सरकारच्या काळात झाला आणि दुरुस्ती मनमोहनसिंग सरकारच्या काळात. लहान माणसाच्या गळ्याचा फास आवळण्यात दोन्ही बाजूंचे एकमत होते, ही गोष्ट आपण विसरता कामा नये.

मागे वळून पाहिले तर आणखी विषाद वाटतो. १९१० चा भारतीय विद्युत कायदा परक्या राजवटीने केला. परंतु मीटर बरोबर की चूक असा वाद उद्भवला तर पुढील दुरुस्त्यांनी सिद्ध झालेल्या त्या कायद्याने निर्णय कंपनीकडे सोपविला नव्हता; तो विद्युत निरीक्षकाने, म्हणजे कंपनीबाहेरच्या सरकारी तज्ज्ञाने द्यायचा होता आणि जास्तीत जास्त सहा महिन्यांच्याच काळापुरता अंदाज करण्याची त्याला मुभा होती. सर्वोच्च न्यायालयाने १९८७ साली बसंतीबाई प्रकरणात ही तरतूद उचलून धरली. प्रजेचे राज्य आल्यावर प्रजेला मिळालेले हे संरक्षण वाढायला हवे होते. ते आटले.

न्यायाची बंद दारे

मग न्यायालये काय करीत होती? सर्वोच्च न्यायालयाने ओरिसातील सीताराम राइस मिलच्या प्रकरणात २०११ साली निर्णय दिला की मंजूर भारापेक्षा जास्त वीज ओढणे हा कलम १२६ खालील अनधिकृत वापरच आहे, आणि त्यासाठी अप्रामाणिक हेतू सिद्ध करण्याची गरज नाही. हेतू लागतो तो कलम १३५ च्या चोरीला. न्यायालयाच्या युक्तिवादात तथ्य नाही असे नाही. जादा भाराने रोहित्रावर ताण येतो आणि शेजाऱ्याच्या पुरवठ्यालाही धोका पोहोचतो. परंतु हेतू नाही म्हणून तुरुंग नाही, एवढ्यावरच फरक थांबत असेल तर निर्दोष मनाच्या मनुष्याला त्याचा काय उपयोग? खिशाला बसणारा फटका दोघांनाही दुपटीचाच.

२०१३ साली अनीस अहमद प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने कलम १२६ च्या निर्धारणाविरुद्ध ग्राहक न्यायालयात तक्रार चालणार नाही असे ठरविले. कलम १४५ ने दिवाणी न्यायालयाचे दार आधीच बंद केलेले आहे. महावितरणच्या प्रत्येक परिमंडळात ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंच आहे, कोल्हापूर परिमंडळातही आहे; पण वीज नियामक आयोगाच्या विनियमांनी प्रथमदर्शनी कलम १२६ किंवा चोरीच्या कलमांत मोडणारी गाऱ्हाणी त्याच्या कक्षेबाहेर ठेवली आहेत. विद्युत लोकपालाचा मार्गही त्याच वळणावर अडतो. अपिलीय प्राधिकरणाचा निर्णय कायद्याने अंतिम ठरविलेला आहे. उरते ते उच्च न्यायालय.

आणि हे उच्च न्यायालय मंगळवार पेठेला आताआतापर्यंत मुंबईत होते. अनेक दशकांच्या आंदोलनानंतर १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच कोल्हापुरात बसू लागले, हा येथील वकिलांचा आणि जनतेचा मोठा विजय होय. तरीही रिट याचिका ही काही लेथवर काम करणाऱ्याच्या रोजच्या आवाक्यातली गोष्ट नव्हे. घरापासून हाकेच्या अंतरावर न्यायाधीश आला म्हणून फी कमी होत नाही, आणि असाधारण अधिकारक्षेत्राचा वापर न्यायालयाने काटकसरीने करावा हे तत्त्वही बदलत नाही.

नियामक आयोगांनी काही ठिकाणी थोडी सहृदयता दाखविली. केरळच्या आयोगाने २०१४ च्या पुरवठा संहितेत त्याच जागेत आणि त्याच वर्गवारीत वापरलेला जादा भार काही मर्यादेत अनधिकृत वापरातून वगळला. १६ डिसेंबर २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ती तरतूद मूळ कायद्याशी विसंगत म्हणून रद्दबातल ठरविली. महाराष्ट्राच्या आयोगाने आपल्या दर आदेशांत म्हटले आहे की मागणीवर आधारित दर घेणाऱ्या ग्राहकाने करारातील मागणी ओलांडली तर जादा मागणीवर दीडपट आकार द्यावा आणि त्याच कारणासाठी त्याच्यावर कलम १२६ ची कारवाई होऊ नये. तरतूद शहाणपणाची आहे. पण ती कोणाला? मागणीवर आधारित दर घेणाऱ्याला. वीस किलोवॉटच्या आतल्या, म्हणजे सुमारे सत्तावीस अश्वशक्तीपर्यंतच्या लहान कारखान्याला स्थिर आकार जोडणीमागे लागतो. तो या छत्राखाली येत नाही. मोठ्याने मर्यादा ओलांडली तर त्याचा दर ठरलेला आहे, लहानाने ओलांडली तर त्याचा गुन्हा ठरलेला आहे!

दोष कारागिराचा की व्यवस्थेचा?

कागद वेळेवर का बदलले नाहीत, असा साळसूद प्रश्न विचारला जातो. मंगळवार पेठेतील जुन्या मिळकतींचे उतारे काढून पाहावेत. आजोबांची नावे, न झालेल्या वाटण्या, परगावी गेलेले हिस्सेदार, पागडीची भाडेकरी. भार वाढवायचा तर अर्ज, मिळकतीचे कागद, मालकाची संमती, नव्या केबलचा खर्च. ज्याला दिवसाची मजुरी दिवसालाच मिळवायची आहे, तो एक खेप घालतो, दुसरी घालतो आणि तिसऱ्या खेपेला यंत्रावर परततो. त्याची चूक नाही असे आम्ही म्हणत नाही. ती चूक वर्षभराच्या दुप्पट बिलाच्या तोलाची आहे काय, एवढेच विचारतो.

वर्गवारीचा गोंधळ तर निव्वळ सरकारनिर्मित आहे. आयोगाच्या दरपत्रकात अभियांत्रिकी वर्कशॉप औद्योगिक वर्गवारीत आहे. वाहनांची आणि इतर दुरुस्तीची केंद्रे मात्र वाणिज्यिक वर्गवारीत. टायर रिमोल्डिंग उद्योग, आणि टायर ज्या गाडीचा तिची दुरुस्ती व्यापार! एकाच लेथवर सकाळी नवा बुश तयार झाला आणि दुपारी जुन्या इंजिनाचा भाग घासून दिला, तर दुपारी तो कारागीर उद्योजकाचा व्यापारी झाला, असे मानायचे काय? ही रेघ पंडितांना टेबलावर ओढता येते. लेथच्या पाट्यावर ती दिसत नाही.

आणि महावितरणची स्वतःची जबाबदारी? मीटरवाचक महिन्याच्या महिन्याला दारात येतो. इलेक्ट्रॉनिक मीटर वापराची नोंद स्वतःच्या स्मृतीत ठेवतो. म्हणजे जादा वापर केव्हा सुरू झाला हे कित्येकदा शोधून काढता येते. परंतु शोधण्याचे श्रम घेण्यापेक्षा ‘काळ निश्चित करता येत नाही’ असे लिहून बारा महिने लावणे सोपे. कायद्याने घातलेली कमाल मर्यादा अशा रीतीने रूढ दर होऊन बसते. अकरा महिने ज्या खोलीत कंपनीचा माणूस येऊन गेला आणि काही बोलला नाही, त्या खोलीचा बाराव्या महिन्यात एकाएकी शोध लागतो!

चोरीच्या आरोपात तर विषमता उघडीनागडी दिसते. कलम १५२ खाली पहिल्या गुन्ह्यात तडजोड करून खटला टाळता येतो. कायद्यातील मूळ तक्त्याप्रमाणे तिचा दर औद्योगिक ग्राहकाला प्रत्येक किलोवॉट अथवा अश्वशक्तीमागे २०,००० रुपये आणि वाणिज्यिक ग्राहकाला १०,००० रुपये. म्हणजे आलिशान दुकानदाराच्या निम्म्या दराची सवलतही दहा अश्वशक्तीच्या लेथवाल्याला नाही; त्याने दोन लाख मोजायचे. कलम १३५ चा धाक दाखविला की कलम १२६ ची रक्कम निमूटपणे भरली जाते, हे पेठेत कोणालाही विचारून पाहावे. चोरी की अनधिकृत वापर, हे प्रथम ठरविणारी लेखणी कंपनीच्याच हाती असते. जेथे शब्दाच्या निवडीवर एका कुटुंबाची अब्रू टांगलेली आहे तेथे भ्रष्टाचाराला निराळे आमंत्रण लागत नाही.

हीच करडी शिस्त वर कधी दिसली? १९९३ साली राज्य वीज मंडळाने दाभोळच्या कंपनीशी करार केला. त्या विजेचा भाव मंडळाला पेलवेना आणि २००१ साली मंडळाने खरेदी थांबविली. त्याच वर्षी माधव गोडबोले समितीने या व्यवहारावर कठोर ताशेरे ओढले. मंडळाचे कंबरडे मोडणाऱ्या त्या निर्णयांसाठी कोणाच्या घरी पंचनामा झाला? कोणाला बारा महिन्यांची दुप्पट आकारणी लागली? तेथे शब्द होता ‘धोरणात्मक निर्णय’. दहा अश्वशक्तीला ‘अनधिकृत वापर’ आणि हजारो मेगावॉटला ‘धोरण’, हा या व्यवस्थेचा शब्दकोश आहे.

आपल्यातील दोन आक्षेप

या विषयावर बोलू लागले की आपल्याच मित्रांकडून दोन आक्षेप येतात. त्यांना उत्तर दिले पाहिजे, कारण ते प्रामाणिक आहेत.

पहिला आक्षेप असा : लघुउद्योजक हाही मालकच. त्याच्याकडील कारागिराला किमान वेतन मिळते काय? भविष्यनिर्वाह निधी मिळतो काय? मग समाजवाद्यांनी त्याची वकिली का करावी? आक्षेपातील वस्तुस्थिती खरी आहे आणि ती झाकण्याचे कारण नाही. कारागिराच्या वेतनाचा प्रश्न आपण त्याच खोलीत उभे राहून मांडला पाहिजे. परंतु जोडणी तुटली की पहिली मजुरी कोणाची बुडते? शिकाऊ पोराची आणि कारागिराची. दंड भरण्यासाठी पैसा कोठून निघतो? त्याच मजुरीतून. मोठा कारखाना दंड किमतीत मिळवून पुढे ढकलतो. लहान वर्कशॉपला जॉबवर्कचा भाव वरून ठरवून मिळतो, त्याला ढकलायला पुढे कोणी नसते, खाली मात्र असतो. शिवाय ज्या पक्षपरंपरेने १९५२ च्या पंचमढी अधिवेशनात डॉ. राममनोहर लोहियांच्या तोंडून लहान घटकाच्या यंत्राचा आग्रह ऐकला, तिने विजेच्या मोटारीवर चालणाऱ्या लहान यंत्राला परके मानावे हे विपरीत होईल. विकेंद्रित उद्योग हा शब्द ठरावात लिहायचा आणि त्याचे मीटर तुटताना दुसरीकडे पाहायचे, हे कसे चालेल?

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. महावितरण ही सार्वजनिक मालकीची कंपनी. चोरी आणि गळती यांचा बोजा अखेर प्रामाणिक ग्राहकावर पडतो. मग कारवाई सैल करून आपण सार्वजनिक क्षेत्राचेच नुकसान करीत नाही काय?

चोराची बाजू आम्हाला घ्यायची नाही, हे निःसंदिग्धपणे सांगतो. मीटरमध्ये फेरफार करणारा, रात्री तारेवर आकडा टाकून भट्टी चालविणारा, हा शेजारच्या खोलीतील प्रामाणिक कारागिराच्या खिशात हात घालतो. त्याच्यावर खटला भरावा, पुराव्याने सिद्ध करावा आणि शिक्षा द्यावी. आमचा आक्षेप कारवाईला नाही. कागदाच्या दोषाला चोरीच्या तागडीत तोलण्याला आहे, आणि तागडी फिर्यादीच्या हाती देण्याला आहे.

सार्वजनिक मालकी म्हणजे अधिकाऱ्याची मालकी नव्हे. राधानगरीचे धरण शाहू महाराजांनी विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात हाती घेतले ते शेतीबरोबर उद्योगालाही बळ मिळावे या दूरदृष्टीने. १९६० साली राज्य वीज मंडळ स्थापन झाले तेही नफ्यासाठी नव्हे. २००५ साली मंडळाचे तुकडे होऊन महावितरण कंपनी झाली, तरी भांडवल जनतेचेच आहे. ही संस्था टिकावी असे ज्यांना वाटते, त्यांनीच तिला सर्वांत कठोरपणे प्रश्न विचारले पाहिजेत. कारण ते आपण विचारले नाहीत तर दुसरे कोणी विचारणार आहेत आणि त्यांचा हेतू वेगळा आहे.

२०२२ साली अदानी समूहाच्या कंपनीने ठाणे, नवी मुंबई, पनवेल या परिसरासाठी समांतर वितरण परवान्याचा अर्ज नियामक आयोगाकडे केला. त्याविरुद्ध ४ जानेवारी २०२३ रोजी वीज कर्मचारी आणि अभियंते संपावर गेले. तो संप योग्य होता आणि आपण त्याच्या बाजूने उभे राहिलो. पण मनाला एक प्रश्न विचारावा. उद्या कोल्हापूरसाठी असा अर्ज आला आणि वीज कामगार पुन्हा रस्त्यावर उतरले, तर मंगळवार पेठेतील कारागीर त्यांच्याबरोबर चालेल काय? की भिंतीपलीकडच्या केबलसाठी वर्षभराचा दंड भरलेला तो मनुष्य दारात उभा राहून म्हणेल, ‘जाऊ दे, कोणीही येवो’? खाजगीकरणाचा रस्ता मुंबई-दिल्लीच्या कार्यालयांतच तयार होतो असे नाही. सार्वजनिक संस्थेच्या दारातून अपमानित होऊन परतलेला प्रत्येक लहान ग्राहक त्या रस्त्यावर एक खडी टाकीत असतो. वीज कामगार संघटनांनीही हे ओळखले पाहिजे. वसुलीची उद्दिष्टे वरून येतात, शिव्या मात्र खाली लाइनमनला बसतात. कारागीर आणि लाइनमन यांना समोरासमोर उभे करून तिसराच नफा घेऊन जातो.

काय मागावे, काय करावे?

केरळ प्रकरणाच्या निकालाने एक गोष्ट स्पष्ट केली आहे. नियामक आयोगाच्या दयेवर हा प्रश्न सुटणार नाही. मूळ कायदाच बदलला पाहिजे. केंद्र सरकारने जून २०२३ मध्ये ग्राहक हक्क नियमांत दुरुस्ती करून स्मार्ट मीटर बसण्यापूर्वीच्या काळासाठी जादा मागणीचा दंड लावू नये असे म्हटले. म्हणजे मागील तारखेने दंड लावणे अन्यायाचे आहे हे सरकारलाही कळते. फक्त ती कळ स्मार्ट मीटर खपविण्यापुरतीच दाबली जाते.

म्हणून आपली मागणी संसदेकडे असली पाहिजे आणि ती नेमकी असली पाहिजे. मीटरमधून गेलेल्या आणि बिल भरलेल्या विजेच्या बाबतीत भार, जागा अथवा वर्गवारी यांचा दोष हा ‘अनधिकृत वापरा’तून वेगळा काढावा, त्याला दरातील फरक आणि माफक अधिभार पुरेसा आहे. पहिल्या वेळी दुरुस्तीसाठी मुदतीची नोटीस द्यावी. निर्धारण कंपनीबाहेरच्या अधिकाऱ्याने करावे. काळाची मर्यादा पुन्हा सहा महिन्यांवर आणावी. वीस किलोवॉटच्या आतील ग्राहकाला अपिलासाठी अर्धी रक्कम भरण्याच्या अटीतून सूट द्यावी. तडजोडीच्या दरातील उद्योग आणि व्यापार यांचा उलटा क्रम बदलावा. यासाठी तर राज्य सरकारची अधिसूचनाही पुरेशी आहे.

पण कायदा बदलेपर्यंत पेठेतील मनुष्याने काय करावे? येथे कार्यकर्त्याचे काम सुरू होते. स्थळपाहणीच्या अहवालाची प्रत मागून घ्यावी आणि मान्य नसेल ते सही करतानाच लिहून ठेवावे. तात्पुरत्या निर्धारणावर लेखी हरकत घेतलीच पाहिजे. सात दिवसांत रक्कम भरून मोकळे होण्याची घाई म्हणजे बहुधा आरोपाची कबुलीच होय. अंतिम आदेश तात्पुरत्या आदेशापासून तीस दिवसांत झाला की नाही, सुनावणी खरोखर झाली की नाही, हे पाहावे. सर्वांत महत्त्वाचे म्हणजे प्रकरण खरोखर कलम १२६ चे आहे की कंपनीनेच पूर्वी चुकीची वर्गवारी लावली होती, हे तपासावे. चूक कंपनीची असेल तर राज्य आयोगाचा ११ फेब्रुवारी २००३ चा आदेश आणि विद्युत अपिलीय न्यायाधिकरणाचा ७ ऑगस्ट २०१४ चा निर्णय ग्राहकाच्या बाजूला आहेत. वर्गवारी बदलून मागील थकबाकी लादता येत नाही, असे त्यांचे सार आहे, आणि असे गाऱ्हाणे मंचापुढे चालू शकते. हे ज्ञान आज दलालाकडे आहे आणि तो ते विकतो. ते पक्षाच्या कार्यालयात फुकट मिळाले पाहिजे.

भार वाढविण्याचे आणि नाव बदलण्याचे अर्ज भरून देण्यासाठी आठवड्यातून एक संध्याकाळ पेठेत बसणारा एक कार्यकर्ता आपल्याला देता येणार नाही काय? टोलविरोधी लढ्यात कोल्हापूरच्या पेठापेठांतून माणसे रस्त्यावर आली. प्रा. एन. डी. पाटील यांच्यासारख्या वृद्ध नेत्याच्या मागे तालमीतले तरुण चालले आणि अखेर सरकारला टोल रद्द करावा लागला. त्या लढ्याला यश आले, कारण प्रश्न प्रत्येकाच्या दारातून जात होता. विजेची तारही प्रत्येकाच्या दारातून जाते. फरक इतकाच की टोलनाका सर्वांना एकाच जागी दिसत होता आणि निर्धारणाचा कागद मात्र एकेकट्याच्या हातात पडतो. एकेकट्याला तो स्वतःचा गुन्हा वाटतो. तो घाबरून दार लावून घेतो आणि दागिने मोडून पैसे भरतो.

हे लावलेले दार ठोठावणे आणि ‘हा तुझ्या एकट्याचा गुन्हा नाही’ असे आतल्या माणसाला सांगणे, हे आपले पहिले काम आहे. लेथ पुन्हा सुरू होण्याचा आवाज आणि लोक संघटित होण्याचा आवाज मंगळवार पेठेत तरी वेगवेगळे असण्याचे कारण नाही.